छोट्या पडद्याची शिस्त

आज पुन्हा सई परांजपे यांचा ‘कथा’ पाहिला. चित्रपट १९८३चा, ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावर बेतलेला. पण त्यातल्या चाळीतली माणसं अजूनही शेजारची वाटतात. हा जिवंतपणा कुठून आला, याचा दिवसभर विचार करते आहे.

सईंची आधीची वाटचाल पाहिली की उत्तर सापडतं: पुणे आकाशवाणीवरचे मुलांचे कार्यक्रम, राष्ट्रीय नाट्य विद्यालय, मग दिल्ली दूरदर्शन. त्या काळच्या दूरदर्शनवर साधनं तुटपुंजी. गोष्ट उभी करायची ती माणसांच्या बोलण्यातून. ‘स्पर्श’ आणि ‘चश्मेबद्दूर’ यांतले नेमके संवाद मला त्याच तालमीचं फळ वाटतात. ‘स्पर्श’च्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तरी मोठ्या पडद्यावर नाव झाल्यावर त्या ‘अडोस पडोस’ या दूरदर्शन मालिकेकडे वळल्या, आणि १९९०मध्ये गिरणी कामगारांची ‘दिशा’ घेऊन पुन्हा चित्रपटाकडे.

स्वतः लिहायचं, स्वतःच दिग्दर्शित करायचं आणि माध्यमात उच्चनीच मानायचं नाही. चित्रपटासाठी पैसा जमेपर्यंत हातावर हात ठेवून बसणाऱ्या आम्हा नव्या मंडळींनी हे मनावर घ्यायला हवं. समोर जे माध्यम आहे, त्यातच जीव ओतावा.