मर्म आणि 'आ-शी'

खांदा आखडला तेव्हा आम्ही काहीशा नाइलाजानेच सुया टोचून घ्यायला गेलो. उपचार करणारे गृहस्थ आधी बराच वेळ बोटांनी दंड आणि मान चाचपत राहिले. एका ठिकाणी दाब पडताच आमच्या तोंडून "आई गं, हेच!" असे निघून गेले. ते हसून म्हणाले, "चिनी भाषेत या जागेचे नावच 'आ-शी' आहे. म्हणजे 'हां, हेच'."

त्या नावाने आमच्या मनात घर केले. चिनी वैद्यकाने सुया टोचण्यासाठी शरीरावर 361 जागा निश्चित केल्या आहेत. त्यांची नावेही कवीने ठेवावीत तशी: तळपायावर 'उसळता झरा', मनगटावर 'चैतन्याचे द्वार'. सुंग राजवटीत, इ.स. 1027 मध्ये, वांग वेयी या वैद्याच्या देखरेखीखाली ब्राँझचे मानवी पुतळे ओतून त्यांवर या जागा छिद्रांनी दाखवल्या गेल्या. परीक्षेच्या वेळी पुतळ्यावर मेण थापून आत पाणी भरीत. सुई अचूक लागली तरच पाणी झरे, असे सांगतात. पाठ एकच, आणि तोच शुद्ध!

'आ-शी' मात्र या व्यवस्थेत बसत नाही. सातव्या शतकातील वैद्य सुन सिमियाओ याने तिची नोंद केली, पण तिला ठरलेले स्थान नाही. ती रोग्याच्या उद्गारातूनच सापडते. पुतळ्यावर ती दाखवता येणार नाही. पुतळा कळवळत नाही.

2007 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका जर्मन चाचणीत कंबरदुखीचे 1162 रुग्ण होते. शास्त्रोक्त जागी सुया घेतलेल्यांपैकी सुमारे 48 टक्क्यांना गुण आला, भलत्याच जागी वरवर टोचलेल्यांपैकी 44 टक्क्यांना, आणि नेहमीच्या उपचारांनी 27 टक्क्यांना. मग त्या 361 नावांचे काय करायचे? ती निव्वळ कविताच होती काय?

हा प्रश्न आम्हांला झोंबतो, कारण आमचा धंदा शिकवण्याचा. कवितेचे मर्म अमुक ओळीतच आहे, असे वर्षानुवर्षे बोट ठेवून आम्ही सांगत आलो. भलत्याच ओळीपाशी एखादी मुलगी "हां, हेच" म्हणाली, तर तिचे गुण कापले. 'मर्म' हा शब्द आपल्याकडेही वैद्यकात आहे, आणि सुश्रुताने 107 मर्मे मोजली ती शस्त्राचा घाव तिथे पडू नये म्हणून, हेही तेव्हा आठवले नाही.

खांदा आता बराच मोकळा आहे. सुयांनी की काळाने, ते ठाऊक नाही. उत्तरपत्रिका तपासताना मात्र हात थोडा थबकतो.