फँड्री, सैराट आणि मराठीचा तास

जेऊर हे सोलापूर-दौंड लोहमार्गावरचे करमाळा तालुक्यातील एक स्थानक. पुण्याला जाता-येता ते खिडकीतून दिसते आणि मागे पडते. मीही वर्षानुवर्षे ते असेच मागे पडू दिले. याच गावी १९७७ साली नागराज मंजुळे यांचा जन्म झाला. वडार समाजातले घर, पुण्यात मराठी घेऊन एम. ए., मग अहमदनगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात संज्ञापनाचे शिक्षण, असा त्यांचा प्रवास. अभ्यासक्रमाचा भाग म्हणून केलेल्या 'पिस्तुल्या' या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'उन्हाच्या कटाविरुद्ध' हा त्यांचा कवितासंग्रह. त्यालाही भैरूरतन दमाणी पुरस्काराचा मान मिळाला. पुढे 'फँड्री' (२०१३), 'सैराट' (२०१६) आणि हिंदीतला 'झुंड' (२०२२). म्हणजे हा दिग्दर्शक मुळात आपल्याच शाखेचा, मराठीचा विद्यार्थी. मला बोचते ते नेमके हेच.

कारण मराठी शिकवताना मी काय केले, ते मला आठवते. करमाळ्याच्या बाजूचा एक मुलगा वर्गात स्वतःचा निबंध वाचत होता. 'व्हतं', 'गेल्ता', 'म्हंजी' असे शब्द आले की मी त्याला थांबवून 'होते', 'गेला होता', 'म्हणजे' असे म्हणायला लावी. निबंध त्याच्या आजीच्या मरणाचा होता. वर्ग हसला, मी रागावलो, पण हसणाऱ्यांवर नव्हे. त्यानंतर वर्षभर त्याने वर्गात तोंड उघडले नाही. परीक्षेत मात्र त्याचे लेखन निर्दोष होते, आणि त्या निर्दोष उत्तरपत्रिकेत आजी कुठेच नव्हती. हे माझ्या ध्यानात यायला पुढची बरीच वर्षे जावी लागली.

'फँड्री' पाहताना ते ध्यानात आले. फँड्री म्हणजे डुक्कर. शब्द मराठी नाही, कैकाडी आहे. जब्याच्या घरात कैकाडी बोलली जाते, गावात ग्रामीण मराठी आणि शाळेत पुस्तकी मराठी. आपण ज्या बोलीला अशुद्ध म्हणून दुरुस्त करतो, ती या मुलाला उंबरठा ओलांडल्यावर शिकावी लागलेली दुसरी भाषा आहे. आमची प्रमाणभाषा त्याच्यापासून दोन पायऱ्या दूर, आणि त्या दोन्ही पायऱ्यांवर हसणारे लोक उभे.

चित्रपटातला एक प्रसंग सर्वपरिचित आहे. डुक्कर हाताशी आलेले असते, एवढ्यात शाळेत राष्ट्रगीत सुरू होते. जब्या ताठ उभा राहतो, घरचेही थबकतात, डुक्कर निसटते. प्रेक्षागृहात त्या वेळी हशा पिकला होता. मला मात्र हसू आले नाही. शाळेने शिकवलेले तो मुलगा किती इमानाने पाळतो! त्याच्या बदल्यात शाळा त्याला काय देते, तर कुंपणापाशी उभे राहून त्याची फजिती पाहणारे वर्गमित्र. शेवटी जब्या दगड उचलतो आणि तो थेट कॅमेऱ्याच्या दिशेने येतो. त्रुफोच्या 'द फोर हंड्रेड ब्लोज'च्या (१९५९) शेवटी आंत्वान नुसता आपल्याकडे पाहतो. त्या नजरेला आपण करुणेने उत्तर देऊ शकतो. दगडाला करुणेने उत्तर देता येत नाही. तो कुणाला लागला, हे ज्याने त्याने ठरवायचे.

'सैराट'विषयी बोलताना आपण आर्ची-परशाविषयी, अजय-अतुल यांच्या संगीताविषयी, शंभर कोटींच्या उलाढालीविषयी बोलतो. शेवटच्या दृश्यातली लेकराची रक्ताळलेली पावलेही विसरत नाही. मला त्यातली एक चापट आठवते. महाविद्यालयाच्या वर्गात पाटलाचा मुलगा प्रिन्स शिकवणाऱ्या लोखंडे सरांना मारतो. या प्रिन्सची भूमिका करणारा सूरज पवार हाच पूर्वीचा 'पिस्तुल्या', शाळेसाठी तळमळणारा पोर. दिग्दर्शकाने हे जाणून केले की सहज घडले, मला ठाऊक नाही. पण दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहिले की शाळेचे दार काहींना बंद कसे आणि काहींच्या मालकीचे कसे, ते एकाच चेहऱ्यावर वाचता येते.

त्या चापटीने आम्हा शिक्षकांना सहानुभूती मिळाली. ती मी घेतली असती, जर करमाळ्याचा तो मुलगा आठवला नसता तर. सत्तेपुढे लोखंडे सर दुबळे आहेत हे खरे. पण ज्याच्यापुढे आपण दुबळे नसतो, त्याच्याशी आपण कसे वागतो?

हल्ली वर्गात कुणी निबंध वाचू लागले की मी शेवटपर्यंत ऐकतो. प्रमाणलेखन शिकवतोच, ते शिकवणे माझे काम आहे. पण नंतर, आणि वहीत. यात मोठेपणा काही नाही. तो मुलगा आज कुठे असेल, कुणास ठाऊक. त्याच्या आजीचे काय झाले होते, ते मला अजून पुरते माहीत नाही. मी त्याला तिथवर पोहोचूच दिले नव्हते.