अर्धा तास

दिवाळीच्या सुट्टीत नातू तानशाला आला की त्याचे नि माझे भांडण ठरलेले. यंदा निमित्त झाले एका ब्राझीलच्या गड्याचे. मुंबईला पाणी नेणाऱ्या त्या अजस्र नळाजवळ आम्ही बसलो होतो. नातवाने मोबाइल माझ्या चष्म्यापुढे धरला. रॉयस ग्रेसी नावाचा हा सडपातळ माणूस १९९३ साली अमेरिकेत, डेन्व्हरला, एका रात्रीत तीन लढती जिंकला. वजनाची अट नाही, ठोशांना मज्जाव नाही! जपानी ज्युदो ब्राझीलला गेले आणि ग्रेसी घराण्याने त्याला आपले वळण दिले, हेही त्याने मला समजावले.

"आजोबा, एका रात्रीत तीन! तुमच्या मातीत आहे का असा कुणी?"

आता माझ्याही अंगात आले. म्हटले, कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव ऐक. १९४८ साली लंडनला गेले. पाय मातीला सरावलेले, कुस्ती गादीवर. तरी सहावे आले. १९५२ साली हेलसिंकीला जायला पैसे पुरेनात, तेव्हा राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचे घर गहाण टाकून सात हजार रुपये दिले. (आमच्या मास्तरांनी आम्हांला छडीखेरीज काही दिल्याचे स्मरत नाही.) तिथे जपानच्या शोहाची इशीशी गाठ पडली. तोही मुळातला ज्युदोवालाच! ती दमछाक करणारी कुस्ती खाशाबा हरले, आणि लागलीच त्यांना सोव्हिएत संघाच्या रशीद ममेदबेयोव्हपुढे उभे केले. मध्ये अर्धा तास विसाव्याचा नियम होता. पण तो बजावून सांगायला आपला एकही अधिकारी तिथे हजर नव्हता. तरीही कांस्यपदक आले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. कराडहून गोळेश्वरपर्यंत १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली होती.

"पण अर्धा तास द्या, एवढे कुणीच कसे म्हणाले नाही?" नातू चिडून म्हणाला.

मी गप्प झालो. कारण एका जत्रेत मीही पंच होतो. वाडीवरच्या एका पोराने पहिली कुस्ती मारली होती. दिवस कलला होता, इनाम देणारे घाई करीत होते, हलगी थांबत नव्हती. पोराची छाती भात्यासारखी हालत होती. त्याने माझ्याकडे पाहिले. तोंडाने काही बोलला नाही. मी म्हणालो, "चल, लाग." दुसऱ्या कुस्तीत तो उजव्या खांद्यावर आपटला. पुढल्या जत्रेला तो आखाड्याबाहेर नारळ विकायला बसला होता. अजूनही शहापूरच्या बाजारात दिसला की डावा हात उचलून मला रामराम करतो, "काय पंच, बरे ना?" म्हणतो.

हे मी घरात आजवर कुणाला सांगितले नव्हते. नातवाने मोबाइल खिशात घातला. बराच वेळ तो नळाकडे पाहत बसला आणि मग एवढेच म्हणाला, "कोणती वाडी, आजोबा?"