तांब्याभर पाणी

होळीत माडाची सुकी झावळी पडली की काय होतं, ते कोकणात वाढलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. ओंडके रात्रभर जळत राहतात. झावळी मात्र भस्सकन एका दमात वर जाते आणि पुढं उभे असलेले लोक तोंडावर हात धरून मागं सरतात. मी अमेरिकेत मेरीलँडला अग्निसुरक्षा अभियंता म्हणून काम करते. ख्रिसमसच्या झाडाचा विषय निघाला की मला आमच्या गावची ती होळी आठवते. होळी उघड्यावर, देवळापुढं पेटते. हे झाड दिवाणखान्यात, सोफ्याला खेटून, पडद्याशेजारी उभं असतं.

इथल्या पुष्कळ मराठी घरांतही ते येतं. मुलं मागतात, आणि मागावंच. त्याचा वास, त्याचा उजेड मलाही फार आवडतो. तुळशीचं लग्न आटोपलं की थोड्याच दिवसांत गाडीच्या टपावर बांधून झाड घरी आणायचं आणि दिवाळीला खिडकीत सोडलेल्या माळा त्याच्यावर चढवायच्या, असा क्रमच होऊन गेला आहे.

आमच्याच राज्यात गेथर्सबर्गला राष्ट्रीय मानक व तंत्रज्ञान संस्था आहे. सगळे तिला ‘निस्ट’ म्हणतात. तिथल्या अभियंत्यांनी स्कॉच पाइनची वाळलेली झाडं पेटवून त्यांतून किती उष्णता बाहेर पडते ते मोजलं. 1999 च्या त्यांच्या अहवालात सर्वांत जोरात पेटलेल्या झाडाचा आकडा 5 मेगावॅटच्या वर आहे. आपल्या गॅसच्या शेगडीचा एक बर्नर साधारण 2 किलोवॅटचा धरला, तर अडीच हजार बर्नर एकदम पूर्ण सोडल्यासारखं झालं. तेही मिनिटाच्या आत.

एवढा जोर येतो कुठून? सुई बारीक असते, तिच्या चहूबाजूंनी हवा असते, आणि राळेच्या जातीची तेलं तिच्यात मुरलेली असतात. टर्पेंटाइन याच वंशातल्या झाडांपासून मिळतं. घर भरून टाकणारा तो वासही त्याच तेलांचा. पण हे सगळं ताज्या झाडातही असतंच. ताजं झाड सहज पेटत नाही, कारण त्याच्यात त्याच्या सुक्या वजनाइतकं किंवा त्याहून जास्त पाणी असतं. आगीला आधी ते पाणी उकळून घालवावं लागतं, आणि तोवर फांदी फारशी तापत नाही. पाणी भरपूर प्यालेल्या झाडाला ज्योत लावली, तर लावल्या जागी चार सुया काळ्या पडतात आणि बहुतेक वेळा तिथंच विझतं. तीच जात, तेवढीच उंची, पण काही आठवडे पाण्यावाचून उभं राहिलेलं झाड असेल, तर प्रयोगशाळेतल्या आम्हा सगळ्यांची पावलं आपोआप मागं जातात. मी हे कितीतरी वेळा पाहिलं आहे, तरी सवय झालेली नाही.

त्यानंतर खोलीत घडतं ते आणखी वाईट. तापलेला धूर छताखाली साचतो, त्याचं तापमान सहाशे अंशांच्या आसपास गेलं की वरून येणाऱ्या धगीनं सोफा, गालिचा, पुस्तकं, सगळं एकदम पेट घेतं. याला आम्ही ‘फ्लॅशओव्हर’ म्हणतो. त्या खोलीत मग कुणीही जगू शकत नाही. म्हणून झाड पेटलेलं दिसलं तर बादली किंवा अग्निशामक शोधत बसू नका. माणसं बाहेर काढा, निघताना दार ओढून घ्या. बंद दार धग आणि धूर बराच वेळ थोपवून धरतं.

जानेवारी 2015 मध्ये अॅनापोलिसजवळ एका मोठ्या घरात आजी-आजोबा आणि त्यांची चार नातवंडं अशी सहा माणसं गेली. विजेच्या बिघाडातून ठिणगी पडली आणि 15 फुटी झाड पेटलं, असं तपासात निघालं. ते झाड तोडून साठ दिवसांहून अधिक काळ लोटला होता. नाताळ संपून तीन आठवडे उलटलेले होते, झाड अजून उभंच होतं. मला ही तारीख फार बोचते. अशा आगी कमी लागतात, हे खरं. अमेरिकाभर वर्षाला साधारण दीडशे घरांत. स्वयंपाकाच्या आगी लाखाच्या पुढं जातात. पण झाडाची आग लागली, तर माणूस दगावण्याची शक्यता घरातल्या इतर आगींपेक्षा बरीच जास्त असते. झाडाच्या आगींतल्या जवळजवळ निम्म्या विजेच्या वायरी, जोडण्या, माळा यांच्याशी निगडित असतात. झिजलेली वायर फेकून द्या, हीटर निदान तीन फूट लांब ठेवा, निजायला जाताना माळ बंद करा. हे सगळं करायचंच आहे, पण माझा भर पाण्यावर आहे.

झाड आणल्यावर बुंध्याचा खालचा इंचभर भाग करवतीनं कापून टाकायचा. जुन्या कापावर राळ साचून तोंड बंद झालेलं असतं, ताज्या कापातून ते पुन्हा पिऊ लागतं. पहिल्या दिवसांत पुरुषभर उंचीचं झाड तीन-चार लिटर सहज ओढतं. साखर, औषध काही लागत नाही, साधं नळाचं पाणी चालतं. स्टँडमधली पातळी कापाच्या खाली मात्र जाता कामा नये.

दोन हिवाळ्यांपूर्वी माझी आई देवगडहून आली होती. मी कामाच्या घाईत दोन दिवस स्टँडकडं पाहिलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी सकाळी उठले तर आई आंघोळ करून झाडाखाली वाकलेली, हातात तांब्या. ‘‘अगो, तहानलेला हा,’’ म्हणाली. तुळस थंडीनं आत आणून ठेवली होती, तिला घालून उरलेलं पाणी तिनं इकडं ओतलं होतं. पुढं रोज तेच. सहा जानेवारीला आम्ही फांद्यांवरून हात फिरवला, मूठभर सुया गळून आल्या. आईला वाटलं, अजून आठवडाभर राहील. मी त्याच दुपारी माळा उतरवल्या आणि दोघींनी मिळून झाड रस्त्याच्या कडेला नेऊन ठेवलं. गालिच्यातल्या सुया गुढीपाडव्यापर्यंत सापडत होत्या.