बंदराला लागलेल्या भाषा

रेवदंड्याला आमच्या वाडीच्या कडेनं पोर्तुगीजांचा तट जातो. लहानपणी आम्ही त्यावर चढून बसायचो आणि आजोबा सांगायचे, इथे अरबस्तानातून घोडे उतरायचे. मग ती जहाजं कुठे गेली, असं विचारलं की ते खाडीकडे हात करून एकच शब्द म्हणायचे, "गाळ." माझी मुलं मे महिन्यात तिथे जातात तेव्हा त्यांनाही तेच दिसतं. तटाच्या आत नारळ-सुपारी, पडक्या चर्चची भिंत, आणि आठवणीतलं बंदर. त्यांना एक वाहतं, बोलतं जुनं बंदर दाखवावं, ते पायी दाखवावं, असं फार दिवस मनात होतं. या डिसेंबरात आम्ही तिघं कोचीला गेलो. थोरली अकरा वर्षांची, धाकटा सात.

एर्नाकुलमच्या धक्क्यावरून सरकारी बोट सुटली. डावीकडे विलिंग्डन बेट लागलं. हे बेट माणसानं केलेलं आहे, हे मुलांना खरं वाटेना. कोचीच्या मुखाशी वाळूचा एक घट्ट बांध होता, त्यामुळे मोठी जहाजं बाहेर समुद्रातच नांगर टाकून उभी राहायची. १९२० साली आलेल्या रॉबर्ट ब्रिस्टो या इंग्रज अभियंत्यानं तो बांध खोदून वाट मोकळी केली, आणि १९२८ साली मोठं जहाज आत आलं. उपसलेल्या गाळातून हे बेट उभं राहिलं. "म्हणजे आजोबांचा गाळ इथे कामाला आला," थोरली म्हणाली. मुळात हे बंदरही एका पुरानंच घडवलं असं मानतात. १३४१ साली पेरियार नदीला महापूर आला, उत्तरेचं जुनं मुझिरिस गाळानं मिटलं आणि कोचीचं तोंड उघडलं. एकाचं बंदर बुडवणारं पाणी दुसऱ्याला बंदर देऊन जातं.

फोर्ट कोचीला उतरल्यावर मी नकाशा पिशवीत ठेवला. मुलांबरोबर चालायचं तर सकाळी सात ते दहा आणि दुपारी चारनंतर, एवढंच चालणं आपलं. मधल्या वेळी हवा इतकी दमट असते की मोठ्यांनाही पाय उचलवत नाही. पण सकाळी किनाऱ्यावर मोठाल्या पर्जन्यवृक्षांची सावली असते, आणि त्यांच्या पलीकडे पाण्यावर ओळीनं चिनी जाळी उभी असतात.

चित्रांत ही जाळी नुसती सुंदर दिसतात. जवळ गेल्यावर कळतं, की हे एक भलंमोठं यंत्र आहे. सागवानाचे आणि बांबूचे वासे एकत्र बांधून केलेला सांगाडा, पुढे पाण्यावर पसरलेलं जाळं, आणि मागे दोरांना ओळीनं बांधलेले दगड. एक माणूस तुळईवरून पुढे चालत गेला की त्याच्या वजनानं जाळं पाण्यात उतरतं. काही मिनिटांनी चार-पाच जण मिळून मागचे दोर खेचतात, आणि जाळं वर येताना दगड एकेक करून जमिनीला टेकतात. धाकट्यानं हे तीनदा पाहिलं. चौथ्या वेळी कोळ्यांच्या म्होरक्यानं त्याला जवळ बोलावून दोर हातात दिला. आमच्याकडे डोल आणि रापण पाहिलेलं पोर ते, पण इथे दगड माणसाला मदत करतात याचं त्याला फार अप्रूप वाटलं. जाळ्यात आले ते मूठभर मासे, एक खेकडा आणि ढीगभर जलपर्णी. म्होरक्या हातानंच जलपर्णी काढून टाकत होता. मोडक्यातोडक्या हिंदीत म्हणाला, मासा कमी झाला, लाकूड महाग झालं. शेजारच्या एका जाळ्याला तर लाकडाऐवजी लोखंडी नळ्याच होत्या. दोर ओढू दिल्याबद्दल मी त्याला पैसे दिले आणि त्यानं ते संकोच न करता घेतले. मला ते आवडलं. तमाशा म्हणून नव्हे, त्याच्या श्रमाचे म्हणून त्यानं ते घेतले.

तिथून सेंट फ्रान्सिस चर्च चालत पाच-दहा मिनिटांवर. १५०३ साली पोर्तुगीजांनी इथे लाकडी चर्च उभारलं, नंतर दगडी झालं. १६६३ साली डचांनी शहर घेतलं, १७९५ साली इंग्रजांनी, आणि प्रत्येकानं हेच चर्च आपलं म्हणून वापरलं. आत डोक्यावर कापडी पंखे टांगलेले आहेत. त्यांचे दोर भिंतीतून बाहेर जातात, कारण ओढणारा माणूस बाहेर बसायचा. धाकटा दोर कुठे जातो ते बघायला बाहेर धावला आणि परत येऊन म्हणाला, "तिथे उन्हात बसायला लागत असेल ना त्याला?" इतिहासाच्या पुस्तकात पंख्याखाली बसलेल्यांचीच नावं असतात.

उजव्या हाताला जमिनीत वास्को द गामाची कबर आहे. तो १५२४ च्या डिसेंबरात कोचीत वारला, इथेच पुरला गेला, आणि काही वर्षांनी त्याच्या अस्थी पोर्तुगालला नेल्या. मी मुलांना सांगितलं, की त्याच वर्षीच्या सप्टेंबरात, शेवटच्या खेपेला, तो आधी आपल्या रेवदंड्याशेजारच्या चौलला थांबला होता. थोरली कठड्याशी वाकून बराच वेळ त्या शिळेकडे पाहत राहिली. वर्गात पाठ केलेलं नाव तिच्या आजोळच्या खाडीतून इथवर आलं होतं. मी तिला हेही सांगितलं, की यात्रेकरूंनी भरलेलं जहाज जाळणारा माणूसही हाच. तिनं मागे सरून हात पाठीशी बांधले.

दुपार झाडाखाली आणि जेवणात गेली. चारला बाजार रोडनं मट्टंचेरीकडे निघालो. अडीच-तीन किलोमीटरचा हा रस्ता मुलांना सगळ्यात जास्त आवडला, कारण तो नाकानं चालायचा रस्ता आहे. एका वखारीतून सुंठीचा वास, पुढच्या दारातून मिरीचा, मग चहाच्या भुकटीचा, मग कांद्याच्या पोत्यांचा. हमाल हातगाड्या ओढत होते. एका अंगणात आलं वाळत घातलं होतं. मिरीसाठीच तर हे सगळे आले, हे सांगायला मला एकही तारीख लागली नाही.

मट्टंचेरीच्या राजवाड्याला सगळे डच पॅलेस म्हणतात, पण तो बांधला पोर्तुगीजांनी, सोळाव्या शतकाच्या मध्याला, कोचीच्या राजासाठी. डचांनी नंतर डागडुजी केली आणि नाव त्यांचं राहिलं. राजाच्या शयनगृहाच्या भिंतींवर रामायण रंगवलेलं आहे. एक इंचही कोरी जागा नाही. तिथे आम्ही थोडाच वेळ थांबलो, मुलं दमली होती.

ज्यू टाउनच्या टोकाला परदेसी सिनेगॉग आहे, १५६८ सालचं. चपला बाहेर काढून आत गेलो आणि धाकटा तिथेच जमिनीवर बसला. पायाखाली चीनहून आणलेल्या निळ्या-पांढऱ्या फरशा, प्रत्येकीवरचं चित्र हातानं काढलेलं. तो बसल्या बसल्या सरकत चालला, झाड, पाणी, घर शोधत. मोठी माणसं माना वर करून झुंबरं पाहत होती. बाहेर १७६० सालचा घड्याळाचा मनोरा आहे, त्याच्या तबकड्यांवर वेगवेगळ्या लिपींतले अंक. इथली बहुतेक ज्यू कुटुंबं इस्रायल झाल्यावर निघून गेली. आमच्या रेवदंड्यातही सिनेगॉग आहे, आणि तिथल्या बेने इस्रायल ज्यूंना आम्ही 'शनवार तेली' म्हणून ओळखत आलो. एकोणिसाव्या शतकात या कोचीच्या ज्यूंमधूनच शिक्षक कोकणात जाऊन त्यांना धर्मविधी शिकवत होते. त्या गल्लीत उभं राहून मला माहेरच्या शेजाऱ्यांची आठवण आली.

पुढचा प्रसंग ठरवून घडला नाही. दुसऱ्या दिवशी चेरलाईच्या बाजूला आम्ही तिरुमला देवस्वमचं देऊळ शोधत होतो. एका दुकानाशी म्हातारे गृहस्थ गिऱ्हाइकाला लिंबं मोजून देत होते. थोरली थबकली. "आई, ते मराठीत मोजतायत." मी कान दिला. एक, दोनि, तीनि, चारि, पांच. कोकणी! सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या जाचाला कंटाळून गोव्यातून निघालेली माणसं इथे कोचीच्या राजाच्या आश्रयाला आली आणि राहिली. देऊळ बांधलं, व्यापार केला, मुलांना मल्याळम शिकवलं, पण लिंबं अजून आपल्या भाषेत मोजतात. आम्ही त्या म्हाताऱ्या गृहस्थांशी बोललो. त्यांचे निम्मे शब्द कळले, निम्मे नाही. त्यांनी मुलांना "यो, बैस" म्हणून बाकावर बसवलं. या दोन शब्दांना दुभाष्या लागला नाही.

माझ्या पिशवीत घरून आणलेला एक कागद होता. डच सुभेदार व्हान रीड यानं मलबारच्या वनस्पतींवर 'हॉर्टस मलाबारिकस' हा बारा खंडांचा ग्रंथ करवून घेतला. ॲमस्टरडॅमला तो १६७८ ते १६९३ या काळात छापला गेला. त्याला मल्याळी वैद्य इट्टी अच्युतन आणि रंग भट, विनायक पंडित, अप्पू भट या तीन कोकणी वैद्यांनी माहिती पुरवली. त्या तिघांचं १६७५ सालचं प्रमाणपत्र पहिल्या खंडात नागरी अक्षरांत, कोकणीत छापलेलं आहे. नागरीच्या अगदी सुरुवातीच्या छापील नमुन्यांपैकी तो एक. त्याचीच ही प्रत. बाकावर बसून थोरली एकेक अक्षर लावू लागली. काही वळणं जुनी, काही ओळखीची. म्हाताऱ्यांनी चष्मा पुसला आणि तिच्या बोटामागून आपलं बोट फिरवत तेही वाचू लागले. दोघं अडली की थांबायची, सुटली की पुढे जायची. अर्धं पान वाचून झालं तेव्हा दुकानात तीन गिऱ्हाइकं उभी होती आणि कुणीही घाई केली नाही.

परतताना धक्क्यावरून समोरचं वैपीन दिसत होतं. रो-रो बोट गाड्या भरून निघाली होती. मी मुलांना सांगितलं, की त्या बेटावर २०१० साली एक गृहस्थ वारले. कोचीत पोर्तुगीज आणि इथली माणसं यांच्या मिसळणीतून तयार झालेली भाषा बोलणारे ते शेवटचे. मोठं बंदर राहिलं, भाषा गेली.

"मग आता ती कुठेच नाही?" धाकट्यानं विचारलं.

तिची बहीण आहे, मी म्हटलं. आपल्या रेवदंड्यासमोर, खाडीपलीकडे, कोर्लईला. तिथल्या ख्रिस्ती वाडीत अजून बोलतात.

"तू ऐकलीयस?"

मी आठवून पाहिलं. साळावचा पूल ओलांडला की कोर्लई. किल्ल्यावर मी अनेकदा गेले आहे, त्या वाडीतून चालत गेले आहे, मासे घेतले आहेत. मागे कुणीतरी कुणाला हाक मारत असायचं. ती हाक मी कान देऊन कधी ऐकली नव्हती.

"नाही," मी म्हटलं.

थोरलीनं कागदाची घडी घातली, वहीत ठेवली आणि मे महिन्याच्या पानावर पेन्सिलीनं लिहिलं, कोर्लई.