रंग आणि पाणी : अजरखपूरची भेट

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही घरातले पाच जण, म्हणजे आम्ही दोघे, दोन मुले आणि अम्मी, कच्छला गेलो. वांद्र्याहून संध्याकाळी गाडीत बसलो, सकाळी भूजला उतरलो. तिथून पंधरा-एक किलोमीटरवर अजरखपूर. गावात शिरताच वाळत घातलेली लांबच लांब कापडे दिसतात आणि लाकडी ठशांची ठकठक ऐकू येते.

'अजरख' हा शब्द अरबीतल्या 'अज़रक' म्हणजे निळा यावरून आला, असे आम्ही वर्गात सांगत आलो. पण कापड निळे कसे होते, ते कधी पाहिले नव्हते.

हे काम करणारे खत्री मुसलमान. त्यांचे पूर्वज सोळाव्या शतकात कच्छच्या राजाच्या बोलावण्यावरून सिंधमधून आले, असे ते सांगतात. ज्यांच्या कारखान्यात आम्ही गेलो, त्या चाचांनी आधी चहा पाजला आणि मग काम दाखवायला नेले.

धुतलेले पांढरे कापड प्रथम हिरड्याच्या पाण्यात बुडवतात. ते पिवळसर होते. हिरडा म्हटल्यावर अम्मी खूश झाल्या. खोकल्यावर त्या मुलांना तोच उगाळून देतात! जिथे पांढरे ठेवायचे, तिथे चुना आणि डिंकाचा ठसा. काळ्या रंगासाठी भंगार लोखंड गुळाच्या पाण्यात बरेच दिवस कुजवतात. हे पाणी चिंचोक्याच्या पिठाने घट्ट करून ठसा मारला, की हिरड्याशी गाठ पडताच काळी रेघ उमटते. लाल रंगासाठी ठसा तुरटीचा. तुरटीला स्वतःचा रंग नाही. पुढे मंजिष्ठाच्या उकळत्या पाण्यात कापड घातले, की जिथे तुरटी लागली तिथेच लाल चढतो.

सर्वांत नवल निळीचे. चाचांनी "बिस्मिल्लाह" म्हणून कापड हौदात बुडवले. बाहेर काढले तेव्हा ते निळे नव्हतेच, पोपटी होते. धाकटा म्हणाला, "चाचा, चुकलं!" चाचा हसले. "सबर करो बेटा." पाहता पाहता हवेने ते हिरवे, मग निळे झाले. थोरली दहावीत आहे. ती म्हणाली, "हे तर ऑक्सिडीकरण!" नीळ पाण्यात विरघळत नाही. हौदात आंबवून तिचे रूप बदलतात, तेव्हा ती धाग्यात शिरते आणि हवा लागली की पुन्हा निळी होऊन तिथेच बसते. हौद आंबवायला टाकळ्याचे बी घालतात. आपल्या कोकणात पावसाळ्यात ज्याची भाजी करतात, तोच टाकळा.

मग थोरलीने विचारले, "चाचा, गावाचं नावच अजरखपूर कसं?"

चाचा थोडा वेळ गप्प राहिले. मूळ गाव धमडका. तिथली सारण नदी आधीच आटली होती. २६ जानेवारी २००१ च्या भूकंपात घरे पडली, माणसे गेली. उरलेल्यांनी पुन्हा ठसे हातात घेतले, पण विहिरींचे पाणी खोल गेले आणि त्यातले लोह वाढले. लाल रंग मळका येऊ लागला. ज्या लोखंडाने काळी रेघ उठते, तेच पाण्यात मिसळले की लाल खराब करते. तेव्हा डॉ. इस्माईल मोहम्मद खत्री आणि इतर जाणत्या मंडळींनी चांगले पाणी शोधून ही जमीन घेतली आणि गाव वसवले. काही घरे धमडक्यातच राहिली. तिथेही काम चालू आहे. २०२४ मध्ये कच्छच्या अजरखला भौगोलिक मानांकन मिळाले.

"आणि इथलं पाणी?" थोरलीने विचारले. चाचा म्हणाले, "वो भी हर साल नीचे जा रहा है. एक बार गांव बदल लिया, बेटी. बार-बार कहां जाएंगे?"

यावर आमच्यापैकी कोणालाच काही बोलता आले नाही. जोहरची वेळ झाली होती. वुजूसाठी चाचांनी लहानशा लोट्यात पाणी दिले, आणि तेवढ्यात आमचे सर्वांचे झाले.

निघताना अम्मींसाठी एक दुपट्टा घेतला. घरी आल्यावर धुवायची वेळ आली, तेव्हा थोरलीने बादली अडवली. आमच्या बोअरवेलच्या पाण्याने बादलीच्या तळाला तांबूस डाग पडलेले आहेत. इतकी वर्षे आम्ही ते घासून काढत होतो. पाण्यात काय आहे, हे कधी विचारले नव्हते. दुपट्टा शेजारच्या विहिरीच्या पाण्याने धुतला आणि सावलीत वाळवला. आता बोअरचे पाणी तपासायला द्यायचे ठरवले आहे.