ओळख की अर्ज?

जोडीदाराची घरी ओळख करून देणं म्हणजे परवानगीचा अर्ज, असं आपण गृहीत धरतो आणि घोळ तिथूनच सुरू होतो. मुलगा कसा आहे, हे नंतर, आधी आडनाव. त्यावरून जात कळली नाही, तर लगेच 'मूळ गाव कुठलं?' चहा गाळायच्या आत निकाल लागलेला असतो. कायदाही थोडा याच वळणाचा. १९५४च्या विशेष विवाह कायद्याखाली लग्न करायचं तर ३० दिवसांची नोटीस, तीही कार्यालयात सगळ्यांना दिसेल अशी. वास्तविक दोन सज्ञान माणसांच्या लग्नाला घरच्यांची वा समाजाची संमती लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केलंय.

यावर ठरलेलं उत्तर येतं: लग्न दोन घरांचं असतं, आईवडिलांनी चार पावसाळे जास्त पाहिलेत. मान्य. पण मग कांदेपोह्यांच्या अर्ध्या तासात परक्या माणसावर भरवसा कसा बसतो, आणि मुलीने तीन-चार वर्षं पारखलेल्या माणसावर का बसत नाही? कारण पहिल्याच्या बायोडेटात जात, पत्रिका, पगार आधीच जुळलेलं असतं. म्हणजे पारख माणसाची नसतेच. म्हणून मला वाटतं, घरी सांगावं, लवकर सांगावं (मित्रांच्या स्टेटसवरून कळण्याआधी तर नक्कीच), पण विचारल्यासारखं नव्हे, कळवल्यासारखं. घरी मारहाणीची किंवा कोंडून ठेवण्याची भीती असेल, तिथे मात्र आधी स्वतःची कमाई आणि राहण्याची सोय. ओळख थांबू शकते.